नवी पेठेत झाकलेले डोळे

आता हे कुठल्या तोंडानं सांगू? पण चहा सांगितलाच आहे, तर ऐका!

मी त्या रिअॅलिटी शोमध्ये जाऊन आले, ते तुम्हाला माहितीच आहे. तिथं केलं काय? स्वतःची फजिती सांगितली! दुसऱ्याच्याच स्कूटीला माझी किल्ली लावून मेकॅनिकशी कशी भांडले, असलंच सगळं. लोक पोट धरून हसले.

पण खरं सांगू? मी ते एकीलाच सांगत होते. नसरीनला. शाळेत आम्ही एका बाकावर. लग्न होऊन ती हैदराबादला गेली, नंबर बदलला आणि तुटलंच. वाटलं, टीव्हीवर बघेल, फोन करेल. सगळ्या गावाचे आले हो फोन! तिचा नाही.

तर परवा नवी पेठेत, कापडाच्या दुकानासमोर, एक बाई पाठमोरी. तीच चाल. मान मागं टाकून तेच हसणं! मी शाळेतल्यासारखी मागून गेले आणि तिचे डोळे गच्च झाकले.

“ओळख!”

“कोण गं? मंगल?”

“नाही!”

“सुनंदा? धाकट्या जाऊबाई?”

एकेक नाव ऐकून माझा जीव अर्धा! माझं नाव येईचना.

“नसरीन, मला विसरलीस गं?”

“कोण नसरीन? मी कविता हाय की!”

हात काढले. ती वळली. चेहरा साफ अनोळखी! दुकानदार कापड मोजायची पट्टी घेऊनच बाहेर आला. गर्दीतून कुणीतरी ओरडलं, “ताई, गळ्यातलं हाय का बघा आधी!”

म्हणजे मी साखळीचोर!

“अहो, मी टीव्हीवरची...”

“थांबा!” कविता किंचाळली. “तुमी त्या वेंधळ्या बाई की! मी सासूबाईंना म्हनत होते, एवढं येडं कोण असतंय व्हय, सगळं शिकवून बोलाय लावत्यात. खरंच हाय की वो!”

सगळे हसले. मीही हसायला गेले आणि रडूच फुटलं. मग भर रस्त्यात तिला नसरीनचं सगळं सांगितलं.

कविता माझ्याकडं पाठ करून उभी राहिली.

“झाका परत डोळे. मी वळखते तुमाला. तेवढंच बरं वाटंल.”

मी परत डोळे झाकले.

“ओळख.”

ती हळूच म्हणाली, “रोज बघते वो तुमाला... पर नाव काय तुमचं?”