आबांच्या विहिरीचं पाणी मी तपासलं

उन्हाळ्याच्या सुट्टीत परभणीजवळ झरीला, आमच्या गावी, घरी आले, तर आमच्या नव्या विहिरीला नुकतंच पाणी लागलेलं! तेव्हा निजामाचं राज्य होतं आणि मी हैदराबादला कॉलेजात सायन्स शिकत होते... तेही उर्दूतून. गावातून कॉलेजात गेलेली पहिली मुलगी मी, हे आज नव्वदी ओलांडल्यावरही ठासून सांगते बरं का!

आबांना, म्हणजे माझ्या वडिलांना, त्या पाण्यावर मोसंबीची बाग लावायची होती. पण पाणी कुणाला गोड लागे, कुणाला मचूळ... आणि खाऱ्या पाण्यानं मोसंबी जळून जाते. आबा मला म्हणाले, "जिभंचं काय खरं न्हाई. तू कॉलेजात तपास. तू म्हणशील तसं करू."

चुलत्यांनी कपाळाला हात लावला. "आता पोरगी सांगणार व्हय, बाग लावायची का न्हाई?" माझं तर डोकंच फिरलं. म्हटलं, थांबा, दाखवतेच!

बाटली भरून हैदराबादला नेली. पद्धत साधी... पाण्यात थोडं पिवळं औषध टाकायचं आणि वरून काचेच्या नळीतून सिल्व्हर नायट्रेट थेंब थेंब सोडायचं. पाण्यातलं मीठ संपलं की पिवळ्याचं विटकरी होतं. जितके थेंब जास्त, तितकं पाणी खारं.

मी सोडतेय, सोडतेय... नळी रिकामी झाली तरी पिवळं ते पिवळंच! म्हणजे पाणी खारंच खारं. आता आबांना कोणत्या तोंडानं सांगू?

पण एक गोष्ट पटेना. हेच पाणी मी सुट्टीभर ओंजळी भरभरून प्यायले होते. बाटलीतलं उरलेलं जरा चाखलं... शी! नुसतं मीठ!

जोडून सुट्टी आली तशी परभणीची गाडी धरली. घरी गेल्या गेल्या विचारलं, बाटलीला कुणी हात लावला होता? आत्या ऐटीत पुढं आली. "म्या! दिष्ट काढून मिठाचा खडा टाकला की आत. नव्या हिरीचं पाणी एवढ्या लांब चाललं, नजर लागली असती म्हंजी?"

आता हिला काय बोलणार, कपाळ! आबा तर हसून हसून खालीच बसले.

या वेळी बाटली मीच भरली आणि हैदराबाद येईपर्यंत मांडीवरून खाली ठेवली नाही. थोडे थेंब पडले न पडले तोच विटकरी रंग! परत करून पाहिलं... तेच. आमचे सर "शाबाश बेटी" म्हणाले आणि मी तिथंच रडले.

आबांना तार केली. पाणी गोड आहे, बाग लावा.

तार पोचली त्याच दिवशी आबांनी खड्डे घ्यायला माणसं लावली म्हणे. चुलते म्हणाले, अजून कुणाला तरी विचारून घ्या. आबा म्हणाले, "विचारलंय की. माझ्या लेकीला."

त्या काळी मुलींना त्यांच्या लग्नाचंसुद्धा कुणी विचारत नव्हतं हो... माझ्या बापानं मला बागेचं विचारलं, आणि माझ्या एका शब्दावर ती लावली.