विहारात मांडलेली पेशी

"बंद कर ते पुस्तक! कोनाचं रक्त काढून राह्यला तू चारचौघांत?"

माझी थोरली बहीण भर विहारात उभी राहून ओरडत होती. तिच्या आवाजाबद्दल मी काही वाढवून सांगत नाही. एवढंच सांगतो, की तो उठला तेव्हा समोरची मेणबत्ती विझली आणि तिकडे समुद्रपूरच्या स्टँडवर डुलकी घेणारा एक ड्रायव्हर दचकून रिकामी गाडी घेऊन निघून गेला. विहार बायामाणसांनी गच्च भरलेला. पुढे चौरंग, चौरंगावर पांढरं कापड, कापडावर उघडं पुस्तक, आणि पुस्तकामागे मी, ओळीवर बोट ठेवून. बहिणीच्या मागे तिचा मुलगा मान खाली घालून बसला होता. पलीकडे खांबाशी तिची सून, आणि सुनेच्या मांडीवर बहिणीची नात, पाय ठणकतात म्हणून मुटकुळं करून पडलेली.

पुस्तक पेशींवरचं होतं. पेशी म्हणजे ती इवलीशी खोली, जिच्यापासून तुमचं-माझं, बैलाचं, बाभळीचं सगळ्यांचं अंग बांधलेलं असतं. असलं पुस्तक विहारात आलं कसं, ते आधी सांगितलं पाहिजे, नाहीतर तुम्ही म्हणाल हा थापा मारतो. मारतो मी थापा. पण ही त्यातली नाही.

आमच्या गावात वर्षावासाचे तीन महिने रोज संध्याकाळी विहारात ग्रंथ वाचतात. वाचणारा मीच. मी जन्मभर लाल बसचा कंडक्टर. मागच्या सीटवर कोंबडी घेऊन बसलेल्या म्हातारीपर्यंत पोचणारा आवाज गावात एक माझा आणि एक बहिणीचा, आणि बहिणीला अक्षर येत नाही. ग्रंथ पांढऱ्या कापडात बांधून माझ्या घरच्या फळीवर असतो. त्या पावसाळ्यात माझ्या धाकट्या मुलीने काय केलं, ती वर्ध्याला बी.एस्सी. करते, तर आपलं विटेएवढं जाड पुस्तक टिनातून पाणी गळतं म्हणून तसल्याच पांढऱ्या कापडात बांधून त्याच फळीवर ठेवलं. मी घाईघाईत गाठोडं उचललं, विहारात आलो. त्रिशरण झालं, पंचशील झालं, मेणबत्ती लागली, कापड सोडलं, तर आत फोडलेल्या अंड्यासारखं एक रंगीत चित्र. खाली लिहिलेलं, पेशीची रचना.

मी म्हणालो, गाठोडं चुकलं, आत्ता बदलून आणतो. आमचे अध्यक्ष म्हणजे रिटायर गुरुजी. नियम मोडण्यापेक्षा पाय मोडलेला बरा, असं मानणारा माणूस. आणि आमच्याकडे नियम आहे, की मेणबत्ती लावून मांडलेलं पुस्तक शेवटचं पान वाचल्याशिवाय उठवायचं नाही. पूर्वी लोक कंटाळले की पुस्तक बदला म्हणायचे, म्हणून कधीतरी केलेला.

"मांडलं ना?" अध्यक्ष म्हणाले. "मंग वाच."

वाचलं. पहिल्या संध्याकाळी अर्धा विहार पेंगला, हे कबूल. पण मग मी पेशीच्या पडद्यापाशी आलो. पेशीभोवती म्हणे एक पातळ पडदा असतो आणि त्या पडद्यात दारं असतात. कोणाला आत घ्यायचं, कोणाला बाहेर ठेवायचं, कोणाला पुढच्या थांब्यावर उतरवायचं, ते ही दारं ठरवतात. मी वाचता वाचता थांबलो. म्हणजे माझ्या अंगात कणाकणाला एक कंडक्टर उभा आहे, आणि तो कधी सुट्टी मागत नाही, कधी संप करत नाही. मी सगळी नोकरी एका दारावर काढली आणि स्वतःला लई मोठा समजत होतो. माझ्या करंगळीच्या टोकावर आख्ख्या विदर्भाच्या गाड्यांहून जास्त दारं उघडझाप करत होती, अगदी मी झोपेत असतानासुद्धा.

दुसऱ्या दिवशी धाग्याचं पान आलं. पेशीच्या पोटात गाभा, गाभ्यात गुंडाळलेला धागा, आणि तो सरळ केला तर उभ्या माणसाहून लांब. एकेका पेशीत एवढा. आमच्या शेजारीण काकू म्हणाल्या की माही एक रीळ सुटली तर दिवसभर गुता सुटत नाही, अन् हे बिनागुत्याचं कसं काय राह्यते बाप्पा.  पुस्तकाने उत्तर दिलं, पण ते प्रश्नाहून मोठं निघालं.

मग कापसाचं पान. मी रोज विहारातून निघताना थोडं पुढचं वाचून ठेवायचो, पण ते पान मी आधी पाहिलं नव्हतं. त्यात लिहिलं होतं, की कापसाचा प्रत्येक तंतू म्हणजे सरकीच्या सालीवरची एकच पेशी, लांब वाढत गेलेली. एक तंतू, एक पेशी. मी ती ओळ तीनदा वाचली. विहारात जेवढे बसले होते त्यांनी उभा जन्म कापूस वेचला होता. बोटं फुटेस्तोवर वेचला होता. पेशी डोळ्यांना दिसत नाही असं मी चार दिवस सांगत होतो, आणि आम्ही तर ती ओटीत भरून, गाडीत तुडवून, जिनिंगला ओतून आलो होतो. एका म्हाताऱ्याने टेकायला आणलेल्या उशीची शिवण बसल्या जागी उसवली, एक तंतू काढला आणि मेणबत्तीसमोर धरला. मग ती उशी हातोहात फिरली. सगळ्यांच्या अंगात पेशींचे सदरे, पेशींची लुगडी, पुस्तकाखाली पेशींचं कापड.  

त्यानंतर विहारात जागा मिळेना. शेजारच्या तीन गावांतून लोक आले. खिडकीबाहेर अध्यक्षांचा बैल रोज येऊन उभा राहायचा आणि पान उलटलं की कान हलवायचा. हिंगणघाटहून एक बाई फक्त ऐकायला आली, अन् जाताना मला पेशींचा भंतेजी म्हणाली. अध्यक्षांना ते आवडलं नाही.

आता बहिणीचं. तिच्या नातीला सिकलसेल आहे, रक्ताचा आजार. आमच्या भागात हा शब्द शाळेतल्या पोरालाही येतो. पोरीचे हातपाय असे दुखायचे की रडायचं त्राण राहायचं नाही. सून गरोदर असताना सरकारी दवाखान्यात तपासली, तेव्हा तिच्यात अर्धं निघालं होतं, म्हणजे दोष रक्तात आहे, पण तिला स्वतःला त्रास नाही. डॉक्टरांनी नवऱ्यालाही बोलावलं होतं. बहीण म्हणाली, माझ्या धडधाकट पोराला सुई टोचायचं काही काम नाही, आणि पोरगा आईपुढे कधी बोलला नाही. मग पोरगी आजारी निघाली, आणि बहिणीने गावभर ठरवून टाकलं की सुनेच्या माहेरचं रक्तच खराब. वर्षावास संपला, पौर्णिमा झाली, की सुनेला आणि पोरीला आष्टीकडे तिच्या बापाच्या दारात सोडून यायचं. परत आणायचं नाही. पोराचं दुसरं लग्न करायचं. हे ती विहिरीवर सांगायची, किराणा दुकानात सांगायची, सुनेच्या देखत सांगायची. सून कपबशा विसळत राहायची.

त्या संध्याकाळी तांबड्या पेशींचं पान होतं.  त्या पेशी म्हणे मधे दबलेल्या उशीसारख्या असतात. अंगातल्या सगळ्यात अरुंद बोळातून जाताना त्या अंग दुमडतात, सटकन निघतात, आणि पलीकडे पुन्हा गोल होतात. त्यांनी आपला गाभासुद्धा टाकून दिलेला असतो, श्वासासाठी जास्त जागा व्हावी म्हणून. दुसऱ्याचं ओझं वाहायला स्वतःचं घर सोडणारी पेशी. आणि सिकलसेलमध्ये त्याच पेशी विळ्यासारख्या वाकतात, कडक होतात, बोळात अडकतात. अडकल्या की मागचा सगळा रस्ता बंद. म्हणून ठणका. सुनेने पोरीचे पाय चेपता चेपता हात थांबवला.

मी पान उलटलं. पुढे लिहिलं होतं की धाग्यावरच्या प्रत्येक निरोपाच्या दोन प्रती लेकराला मिळतात, एक आईकडून, एक बापाकडून. एकच प्रत बिघडलेली असेल तर माणूस बहुधा ठणठणीत राहतो, म्हातारा होतो, त्याला पत्ताही लागत नाही. हा आजार व्हायला दोन्ही प्रती बिघडलेल्या लागतात.

बहीण उठली ती इथे. ओरडली ती इथे. पुढे असंही म्हणाली, की तू माह्या माहेरचा, माह्या पाठचा, अन् माह्याच लेकराच्या अंगावर शेन फेकून राह्यला.

मी अध्यक्षांकडे पाहिलं. अध्यक्षांनी विझलेली मेणबत्ती पुन्हा लावली आणि पुस्तकाकडे बोट केलं. पण मी ओळीवरचं बोट काढून घेतलं. थोरल्या बहिणीपुढे मी आजही चड्डीतलाच असतो.

तेव्हा खांबापाशी सून बोलली. लग्न होऊन आल्यापासून विहारात तिचा आवाज कोणी ऐकला नव्हता.

"मामाजी, तेच पान परत वाचा."

वाचलं. हळू वाचलं, नवख्या प्रवाशाला थांब्याचं नाव सांगावं तसं. दोन प्रती. एक आईकडून, एक बापाकडून. बहीण उभीच राहिली. तिचा मुलगा मान वर करून बायकोकडे पाहत होता.

दुसऱ्या दिवशी पहिल्या बसने तो दवाखान्यात गेला, आईला न सांगता. निकाल यायला बरेच दिवस लागले. अर्धं निघालं. बहीण म्हणाली, मग ते त्याच्या बापाकडून आलं असेल. माझे भाऊजी जाऊन कितीतरी वर्षं झाली. गेलेल्या माणसाला सुई कोण टोचणार? आपल्या माहेरचं रक्त तर धाम नदीच्या उगमासारखं चोख, असं तिचं म्हणणं. अध्यक्ष म्हणाले, मग सोपं आहे, तुम्हीच तपासून या. चारचौघांत म्हणाले, म्हणून ती निघाली, आणि साक्षीला मला नेलं.

दवाखान्यात तिने रक्त घेणाऱ्या पोरीकडे असं पाहिलं की सुई स्वतःहून परत बाटलीत गेली असती. निकालाच्या दिवशी मी बाहेर बाकावर बसलो. ती आत गेली, कागद कमरेला खोचत बाहेर आली. चहाही नको म्हणाली.

बस निघाली. पाऊस भुरभुरत होता. मी तिच्या हाताकडे पाहत होतो, कपाशीच्या बोंडांनी ओरबाडलेला तो जुनाट हात. आमचा बाप, आमची माय, दोघंही मातीत गेली, आणि त्यांचा धागा त्या हातात बिनागुत्याचा गुंडाळलेला, तिच्या पोरात, त्या दुखऱ्या पायांच्या पोरीत, कदाचित माझ्यातही, जसाच्या तसा, अजून निरोप देतो आहे. माझ्या अंगावर काटा आला, आणि काट्याच्याही पेशीच.

मग मी विचारलं, पौर्णिमेनंतर सुनेला माहेरी सोडायला कोणत्या गाडीने जायचं.

"काऊन?" ती म्हणाली. "अर्धं माह्यावालं हाय. खिडकी लाव, पानी येऊन राह्यलं."