पाण्याचे चार टेक

आमचे हे, म्हणजे लीलाधर, जिल्ह्यातले नामांकित फिल्ममेकर आहेत. गाडीच्या मागच्या काचेवर तसं लिहिलंय, म्हणून मलाही कळलं. कोहमाऱ्याच्या ढाब्याची जाहिरात केली, तेव्हा एकच गरम रोटी नऊ वेळा टेबलावर आणवली. लग्नात रडून थकलेल्या नवरीला म्हणतात, "बेटा, बिदाई एक बार और." ती बिचारी रडतेही.

मग डोक्यात डॉक्युमेंटरी शिरली. विषय घरातच होता: माझे सासरे, केशोराव मामाजी. गावतलावाचं दार उचलून पाणी कोणाच्या बांधीत, म्हणजे धानाच्या शेतात, कधी सोडायचं, हे एकतीस वर्षं तेच ठरवत. पाण्यावरून इथे सख्खे भाऊ फावडी उचलतात, पण मामाजींनी लावलेल्या पाळीवर कोणी ब्र काढला नव्हता. म्हाताऱ्याची कमाई म्हणाल तर तेवढीच.

यंदा धान लोंबीवर आलं आणि तलाव तळाला गेला. त्या दिवशी पाळी दुलीचंदची, त्याची बांधी पार टोकाला. वीरेंद्रची पाळी आदल्या दिवशीच झालेली, पण उजेड त्याच्या बांधीकडे चांगला होता.

"बाबा, पाणी इकडं वळवा."

"पाळी त्याची नाही, बाबू."

"शॉटपुरतंच हो."

पोराच्या हौसेपुढे बाप विरघळला. एका टेकमध्ये बकरी आली, एकात ढग आला, एकात मामाजींनी कॅमेऱ्याकडे पाहिलं. चौथा झकास झाला. तोवर वीरेंद्रची बांधी तुडुंब, आणि तलावाचं पाणी दाराच्या पातळीखाली गेलेलं. दुलीचंदच्या धानाला थेंब मिळाला नाही.

दुसऱ्या दिवशी तलावाच्या काठावर गाव जमलं. शिव्या कोणी दिल्या नाहीत. दुलीचंद एवढंच म्हणाला, "आमी तं तुमच्या भरवशावर झोपून राहिलो होतो, केशोरावजी." दार उचलायचं काम गावाने मामाजींकडून काढून त्याला दिलं. मला इतका संताप आला, की कॅमेरा तलावात बुडवावा. पण बुडवण्याइतकं पाणी होतं कुठे?

फिल्म नागपूरच्या महोत्सवात निवडली गेली. परीक्षकांना पाणी सोडण्याचं दृश्य फार भिडलं म्हणे, फक्त हात जवळून हवे होते. हे लगोलग कॅमेरा घेऊन ओसरीवर आले.

"बाबा, चला ना तलावावर. एकडाव दार उचला, बस."

मामाजींनी चहाची बशी खाली ठेवली.

"दुलीचंदले विचार," ते म्हणाले. "मले आता त्या दाराले हात लावाचा हक्क नाही."