आक्काने सोडलेले पट

टीव्हीवर किडे चिरडायचा खेळ लागला की आमची आक्का हातातला रिमोट मांडीवर ठेवायची, पदराने तोंड पुसायची आणि शांतपणे बघत बसायची. बाकीचे आम्ही तिघे जीव खाऊन बटणं बडवत असायचो. आक्काचा बाहुला पडद्याच्या कोपऱ्यात उभा, किडे त्याच्या पायांतून बिनधास्त ये-जा करताहेत, आणि शेवटी तिच्या नावावर भोपळा. माझा धाकटा भाऊ सम्मेद कळवळायचा, "आक्का, खोटं किडं हाईत गं ते!"

"किडं खोटं असूदेत की," आक्का म्हणायची, "बोट माझं खरं हाय न्हवं?"

आक्का म्हणजे माझ्या वडिलांची थोरली बहीण. तिला कबनूरला दिली होती, घरचे यंत्रमाग असलेल्या माणसांत. यजमान लवकर गेले आणि ती कोल्हापूरला आमच्याकडे आली ती कायमचीच. माझ्या आईला शाळेची नोकरी, त्यामुळे मला आणि सम्मेदला वाढवलं ते आक्काने. वेणी तिच्या हातची, डबा तिच्या हातचा आणि धपाटाही तिच्याच हातचा. उरलेल्या वेळात ती गल्लीतल्या बायकांच्या साड्यांना पिको-फॉल करायची. त्यामुळे तिची बोटं अशी तयार होती की पुढे रिमोटची बटणं तिला आमच्याआधी पाठ झाली.

तो खेळ सम्मेदने आणला. टीव्हीला जोडायचं यंत्र, चार रिमोट, चार बाहुले. पडद्यावर एक मोठा पट असतो. फासा टाकायचा, घरं मोजत जायचं, नाणी गोळा करून तारे विकत घ्यायचे आणि प्रत्येक फेरीनंतर चौघांत एक छोटी चुरस लागायची. ज्याचे तारे जास्त तो जिंकला. आमच्या जैनाच्या घरात दिवस मावळायच्या आत जेवणं उरकतात, त्यामुळे संध्याकाळ ही चीज आमच्याकडे भलती लांबलचक असते. माझं सासर पलीकडच्याच गल्लीत, त्यामुळे संध्याकाळी मी माहेरी असायचेच. आक्काची माळ झाली की आई, सम्मेद, मी आणि आक्का सतरंजीवर बसायचो. वडील मागे खुर्चीत पेपर धरून बसायचे आणि पेपरावरून बघायचे.

अहिंसेचं ठीक आहे, पण तारे चोरण्यात आक्काचा हात धरणारा कुणी नव्हता. पटावर एक घर असं होतं की तिथे नाणी मोजली की दुसऱ्याचा तारा उचलता यायचा. आक्का तिथे न चुकता पोचायची आणि नेमका आईचाच तारा उचलायची. आई चिडून म्हणायची, "वन्सं, किडा मारवत न्हाय आणि चोरी बरी चालती!" आक्का हसून सांगायची, "एक एक सोडायचा नेम घेतो की गं. चोरीचा अजून घेतलेला न्हाय." आमच्याकडच्या बायका स्वतःबद्दल घेतो, जातो, येतो असंच बोलतात, आणि आक्का तर अगदी ठासून बोलायची.

या खेळाचे कितीतरी भाग निघालेत. आमच्याकडच्या भागात जुन्यातले गाजलेले पट निवडून घातले होते. त्यांतला सगळ्यांत भारी कोणता, यावर जगभरातली रिकामटेकडी माणसं तासतासभर बोलतात आणि सम्मेद ते मोबाइलवर ऐकत बसतो. आक्काला ते पटायचं नाही. "त्यास्नी काय इचारतोस? मला इचार की," म्हणायची. अंतराळाचा पट तिला बिलकूल आवडायचा नाही, "नुसता काळोख, माणूस न्हाय काय न्हाय." ज्वालामुखीच्या पटावर जीव जळतात म्हणून तो नको. बर्फाचा दिसायला बरा, पण घसरून माणूस लांब जाऊन पडतं. बाजाराचा पट तिला आवडायचा, कारण तिथे भाव करता यायचा. आणि सगळ्यांत आवडता नदीचा. त्यात नदीवर होड्या होत्या आणि कुठूनही गेलं तरी वाट फिरून मधल्या चौकात यायची. "हितं कुणी एकटं पडत न्हाय," हे तिचं कारण. मला विचाराल तर पट कसा असावा यावर याहून शहाणं बोललेलं मी ऐकलेलं नाही.

आषाढात चातुर्मास लागला की आमच्यात आवडीची एखादी गोष्ट सोडायचा नेम घेतात. कुणी साखर सोडतं, कुणी चहा. त्या वर्षी आक्का देवळातून आली आणि चप्पल काढता काढता म्हणाली, "अंतराळाचा पट सोडला." आम्ही पोट धरून हसलो. आई म्हणाली, "आवडत न्हाय ते सोडण्यात कसला त्याग, वन्सं?" आक्का म्हणाली, "पायरीपायरीनं चढतो की. एकदम उडी मारली तर कंबर मोडंल." आम्हाला वाटलं, चार महिन्यांनी तो पट परत येईल. दिवाळी झाली तरी आला नाही. पुढच्या चातुर्मासात ज्वालामुखी गेला आणि त्याच्यामागून बर्फही गेला. एव्हाना तिने साखर सोडली होती, रंगीत साड्या वाटून टाकल्या होत्या आणि गादी सोडून चटईवर झोपत होती. हे सगळं आमच्या डोळ्यांदेखत झालं, पण म्हातारपणी माणसं अशी होतात म्हणून आम्ही सोडून दिलं. बाजाराचा पट गेला त्या दिवशी सम्मेद मला गच्चीवर घेऊन गेला आणि म्हणाला, "ताई, आक्काचं पट संपत आल्यात."

तेव्हा माझ्या लक्षात आलं की ही दीक्षा घ्यायच्या वाटेवर आहे. दीक्षा म्हणजे घर सोडायचं, नाव सोडायचं, पांढरी साडी, हातात मोरपिसांची पिंछी, आणि अनवाणी गावोगाव फिरायचं. त्यानंतर ती कुणाची आत्या नाही की कुणाची बहीण नाही.

सम्मेदने आपल्या परीने उपाय केला. खेळाचा नवा भाग आणला. त्यात नवेकोरे पट होते, ते संपवायला आक्काला आणखी काही चातुर्मास लागले असते. आक्काने त्याच्या डोक्यावरून हात फिरवला आणि टीव्हीकडे पाठ करून बसली. "मी बघतच न्हाय. बघितलं की जीव गुंततोय."

दीक्षेआधी घरच्यांची संमती लागते. वडिलांनी दोन दिवस पेपर उघडला नाही, पण हो म्हणाले. आई रडून हो म्हणाली, सम्मेदही म्हणाला. मी नाही म्हणाले. माझी बाळंतपणं आक्काने केलेली. मला ताप आला की अजूनही तीच लागायची. मला तिचा रागच आला होता. सरळ विचारलं, "आमचं काय चुकलं?"

"चुकलं असतं तर कवाच गेलतो," आक्का म्हणाली. "तुमच्यात लई गोड लागाया लागलं म्हणून जायाचं. पण तू म्हटल्याशिवाय पाय उचलत न्हाय."

म्हणजे सगळं माझ्यावर आलं. आठवडाभर मी तिच्याशी धड बोलले नाही. मग रविवारी तिनेच सतरंजी अंथरली आणि नदीचा पट लावायला सांगितला. आम्ही जेवढ्या जास्त फेऱ्या ठेवता येतात तेवढ्या ठेवल्या. आक्का नेहमीसारखी खेळली. आईचा तारा चोरलाच, आणि आई या वेळी चिडायच्या ऐवजी "घ्या, आणखी एक घ्या" म्हणाली. होड्या आल्या, गेल्या. चौकात चौघांची पुन्हा पुन्हा गाठ पडली.

शेवटच्या फेरीत शेवटची पाळी माझी होती. या खेळात आपण बटण दाबेपर्यंत फासा बाहुल्याच्या डोक्यावर गरगर फिरत राहतो. त्याला घाई नसते. मी बटण दाबलं नाही. फासा फिरत राहिला, तेच ते संगीत वाजत राहिलं. जोवर मी दाबत नाही तोवर खेळ संपत नाही आणि आक्का उठत नाही, एवढंच मला समजत होतं. वडिलांनी पेपर खाली ठेवला. सम्मेद काहीतरी बोलणार होता, आईने त्याचा हात दाबला.

आक्का सरकून माझ्याजवळ आली आणि पाठीवर हात ठेवला. "टाक म्हणत न्हाय मी," ती म्हणाली. "तुझ्या मनात येईल तवा टाक. मी बसलोय की."

ती खरोखरच बसली. एका शब्दाने घाई केली नाही. तिने ओढाताण केली असती तर मी रात्रभर अडून बसले असते. पण ती माझ्यासाठी बसून राहणार आणि आयुष्यभर बसून राहणार, हे मला त्या हातातून कळलं आणि ते सोसवेना. मी बटण दाबलं. किती पडले, कोण जिंकलं, काही आठवत नाही. मी म्हटलं, "जा, आक्का."

त्यानंतर वर्षभराने त्यांचा साध्वींचा संघ आजऱ्याला आल्याचं कळलं आणि मी भेटायला गेले. आता त्यांना माताजी म्हणायचं. त्या खूप बारीक झाल्या होत्या, उन्हाने चेहरा रापला होता, पण बोटं तशीच. बायकांच्या रांगेत बसून मी "वंदामि" म्हटलं. त्यांनी पिंछी उचलून आशीर्वाद दिला, तो माझ्या आधीच्या बाईला दिला होता तसाच. दर्शनाला आलेल्या प्रत्येकीला त्या काहीतरी नेम घ्यायला सांगत होत्या. माझी पाळी आली तेव्हा मीच म्हणून टाकलं, "मी नदीचा पट सोडते. तुम्ही गेल्यापासून लावलेलाच नाही."

त्या खालच्या आवाजात म्हणाल्या, "रुसून सोडलेलं सुटत न्हाय. तू सोडायचा नेम घेऊ नको, धरायचा घे. आठवड्यातनं एक सांज घरातल्या सगळ्यांनी एका सतरंजीवर बसायचं. जमंल?"

मी हात जोडून "जमेल" म्हटलं, आणि त्यांनी पुढच्या बाईकडे पाहिलं. आयुष्यात मी घेतलेला तेवढा एकच नेम. अजून मोडलेला नाही.