टेकडीवरची सगळ्यांची भट्टी

नेदरलँड्स म्हणजे नुसता सपाट देश, हे तुम्हाला कोणी सांगितलं? आणि न तपासता तुम्ही ते मानलंत कसं?

मीही मानलं होतं. हार्लेमला नोकरीला लागल्यावर पुलावर सायकल चढवण्यालाच मी चढ म्हणत होते. मग एका शनिवारी ट्रेन पकडून थेट दक्षिणेला, लिम्बुर्गच्या टोकाला गेले. समोर टेकड्या! खऱ्या, धाप लावणाऱ्या! त्यांच्या कुशीत पिवळ्या दगडाच्या घरांचं छोटं गाव. दगड इतका मऊ की करवतीने कापता येतो. भिंतींवर पोरांनी नावं कोरलेली, शेजारीच त्यांच्या पणजोबांची.

चढावरच्या एका दगडी खोलीतून धूर येत होता. आत गावाची भट्टी. सत्तरीच्या एक बाई लांब दांड्याच्या फळीवरून पाव आत सरकवत होत्या. रीत साधी : कणीक ज्याची त्याने आणायची, लाकूड सगळ्यांनी मिळून फोडायचं.

"सगळ्यांचे पाव एकाच भट्टीत?" मी विचारलं.

"इथल्या दगडखाणीच्या मालकाचे नाही. त्याच्याकडे स्वतःची भट्टी होती. ही बाकी सगळ्यांची."

बाकी सगळ्यांची! माझ्या आजोबांना गावच्या विहिरीची पायरी चढू देत नव्हते. हे मला शाळेच्या पुस्तकात नाही, बाबांच्या पत्रकांत कळलं. बाबा पत्रकं लिहायचे, मी ती दारोदार वाटायचे. वाचायला शिकले तीही त्या पत्रकांवरच.

बाई पुढे म्हणाल्या, "आता लाकूड फोडायला कोणी येत नाही. हिवाळ्यापर्यंत माणसं मिळाली नाहीत तर पालिका कुलूप लावणार."

कुलूप? या भट्टीला? त्याच आठवड्यात मी पत्रक लिहिलं, मोडक्यातोडक्या डचमध्ये. पण गावातल्या निम्म्या टपालपेट्यांवर चिकटवलेलं : पत्रकं नकोत. मग काय, बेल वाजवली आणि पत्रक तोंडीच म्हणून दाखवलं!

पुढच्या वेळी भट्टी पेटली तेव्हा माणसं आली. इथे फळं भरलेला गोल, पसरट केक करतात, त्याला फ्लाय म्हणतात. मी हौसेने तो केला आणि फळांऐवजी काळ्या गुळाचं पुरण भरलं. टेबलावर ठेवला, तर कोणी सुरीच लावेना.

"कोण गेलं गं?" बाईंनी हळूच विचारलं.

"कोणीच नाही!"

"मग काळा फ्लाय कशाला? तो आम्ही मयताच्या दिवशी करतो."

मागून एक आजोबा ओरडले, "भट्टीचं सुतक पाळायला आली असेल पोरगी!" खोलीभर हशा. मग त्यांनीच एक तुकडा खाल्ला, दुसऱ्याला हात घातला आणि म्हणाले, "हे मेलेल्यांवर कशाला वाया घालवायचं?"

त्या दिवशी लाकडाचा एक ढीग फोडून झाला. पण एका ढिगाने हिवाळा निघत नाही. पुढच्या महिन्याच्या पहिल्या शनिवारी भट्टी पुन्हा पेटणार आहे. हार्लेमला असा की ग्रोनिंगनला, सकाळची ट्रेन पकडा. कणीक घरून मळून आणा. आणि ती आत सरकवण्याआधी कुऱ्हाड हातात घ्या.