कोरडा दगड

आमच्या घराच्या पायरीशी एक दगड आहे. नारळाएवढा, काळा, एका बाजूनं घासून गुळगुळीत झालेला. येणाऱ्या-जाणाऱ्याला त्याची ठेच लागते, दूधवाला त्याला रोज एक शिवी देतो. कामाला येणाऱ्या बाईनं तो एकदा वैतागून कुंपणापलीकडे भिरकावला होता, तर आईनं तो झुडपातून शोधून आणला आणि पुसून जागच्या जागी ठेवला. सकाळी काय खाल्लं ते दुपारी तिला आठवत नाही, पण दगड मात्र तिला बरोबर सापडतो.

मी नगरला एका शाळेत विज्ञान शिकवते. पाट्यांवर आता अहिल्यानगर आहे, पण रिक्षावाला नगरच म्हणतो आणि मीही. लग्न केलं नाही. का, तो वेगळा विषय आहे आणि तो कुणी काढलेला मला आवडत नाही. बाबा करोनाच्या दुसऱ्या लाटेत गेले. दवाखान्याच्या काचेच्या दारातून त्यांना आत नेलं, ते आम्हाला शेवटचं दिसणं. मग सावेडीतल्या या बैठ्या घरात आई आणि मी, दोघीच उरलो. हळूहळू आईचं विसरणं सुरू झालं. आधी गॅस, मग किल्ल्या, मग शेजारीण. जवळचं एकेक पुसलं जाऊ लागलं आणि हा दगड कुठून तरी तिच्या मनात वर आला. तो तिनं आणला कुठून, तेही मला ठाऊक नाही.

दिवेलागण झाली की ती विचारायची, "दगुड बघितलास का गं? वला हाय का कोरडा?"

दगडाचं मला अर्धंमुर्धं माहीत होतं. आईचं माहेर नेवाशाकडचं, गोदाकाठचं. तिकडं गोदावरीला गंगाच म्हणतात. पावसाळ्यात माझे आजोबा घराखालच्या पायरीवर एक दगड ठेवायचे. रोज संध्याकाळी तो उलटा करून खालून हात लावायचा. ओला लागला तर गंगा चढली, बोचकी बांधा आणि वरच्या माळावर चला. कोरडा असला तर भाकरी खाऊन झोपा. हे हात लावायचं काम लेकीचं, म्हणजे माझ्या आईचं. पुढं खाली धरण झालं आणि ते गाव पाण्यात गेलं. त्याबद्दल विचारलं की आई एवढंच म्हणायची, "बुडालं ते बुडालं." तिच्या तोंडून त्यापुढं कधी शब्द निघाला नाही.

त्यामुळे मला वाटलं, म्हातारीला पाण्याची भीती बसली असेल. मी बाहेर जायचे, दगड उलटा करायचे आणि येऊन सांगायचे, "कोरडा आहे आई. खडखडीत." नगरसारख्या ठिकाणी दुसरं काय सांगणार. इथं नळाला पाणी आलं तरी लोक फोन करून एकमेकांना कळवतात.

आणि नेमकं तिथंच घोडं अडायचं. कोरडा म्हटलं की आईचा चेहरा पांढरा पडायचा. ती उठायची, मागच्या दाराची कडी काढायची आणि धुणं धुवायच्या जागेकडं बघत उभी राहायची. कान देऊन काहीतरी ऐकायची. मग बसून रडायची, आवाज न करता. जेवण नाही, झोप नाही. परत उठायची, परत कडी काढायची. माझ्या नाकी नऊ आले. "अगं कोरडा आहे म्हटलं ना, मग रडतेस कशाला?" मी ओरडायचे. शाळेत ओरडून ओरडून माझा आवाज तसाच झालाय. तिच्या अंगावर काटा यायचा, आणि खरं सांगते, तिच्याकडं बघून माझ्याही. त्या मागच्या दाराशी काहीतरी उभं आहे असं मला वाटायला लागलं. विज्ञानाची बाई मी, पण अंधार पडल्यावर त्या बाजूला जाणं मी टाळू लागले.

डॉक्टरांनी तिच्या डोक्याला वायरी लावून मेंदूच्या लहरींचा कागद काढला. वेड्यावाकड्या रेघा. मी बोट ठेवून एकेक प्रश्न विचारला, त्यांनी एकेकाचं उत्तर दिलं. सगळं समजलं. संध्याकाळी आईला काय सांगायचं, तेवढं त्या कागदात नव्हतं.

त्याच दिवसांत नववीला तरंग शिकवत होते. मी हा धडा परातीत पाणी घेऊन शिकवते. पाण्यावर थर्माकोलचा मणी ठेवायचा आणि कडेला बोट बुडवायचं. तरंग पार पलीकडच्या काठाला जातात. मणी मात्र जागच्या जागी वरखाली होतो. बघा, म्हणते मी, लाट पुढं जाते, पाणी जागेवरच राहतं. आवाज असाच, भूकंप असाच, दोराला दिलेला झटका असाच. मोबाईलला तर मध्ये पाणीही लागत नाही, हवाही नाही. पुढच्या वर्षी हीच पोरं सांगतात की लाट म्हणजे वाहतं पाणी. पालथ्या घड्यावर पाणी. पण त्या वर्षी एका मुलीनं विचारलं, "मॅडम, पाणी जर जातच नाही, तर मग काठाला येऊन काय लागतं?" मी पुस्तकातलं उत्तर दिलं, ऊर्जा. तिनं ते वहीत उतरून घेतलं. माझंच समाधान झालं नाही.

मे महिन्यात सुट्टी लागली. उष्णतेची लाट आहे, दुपारी बाहेर पडू नका, असं मोबाईल सारखा बजावत होता. तरी मी आईला घेऊन मामांकडं गेले. मामा म्हणजे आईचे थोरले भाऊ. नव्या गावठाणात राहतात, आणि उन्हाळ्यात धरणाचं पाणी मागं हटलं की उघड्या पडलेल्या गाळात पेरतात. त्याला गाळपेर म्हणतात. ज्या जमिनीवर पाणी आलं म्हणून गाव उठलं, तीच जमीन चार महिने उसनी मिळते. मामांनी तिथं कलिंगडं लावली होती.

दुपार कलल्यावर त्यांनी आम्हाला पाण्याकाठी नेलं. वारा सुटला होता. समुद्र मी एकदाच पाहिलाय, पण तिथल्या लाटा काही कमी नव्हत्या. थडाथड काठावर येऊन आपटत होत्या. मला धास्ती, की आता आई बिथरणार. पण आईनं लाटांकडं ढुंकूनही पाहिलं नाही. ती त्यांच्याकडं पाठ करून बसली आणि मागं, गाळातून वर आलेल्या एका कोरड्या ओढ्याकडं टक लावून बघत राहिली. घरी मागच्या दाराशी बघते तशीच.

"तिला लाटांचं भ्या न्हाई," मामा म्हणाले.

"मग कशाचं आहे?"

"तुला धाकलीचं सांगितलंच न्हाई का तिनं?"

माझे केस पिकायला लागले, आणि माझ्या आईला एक धाकटी बहीण होती हे मला त्या दिवशी कळलं. मामा मला थोडं बाजूला घेऊन गेले. कलिंगडाच्या वेलांमधलं गवत उपटत, माझ्याकडं न बघता त्यांनी सगळं सांगितलं.

धरणाच्या नोटिसा आधीच आल्या होत्या. निम्मं गाव हललं होतं. आजोबा मात्र म्हणाले, दगड ओला झाला की निघू, त्याच्या आधी काय घाई आहे. "आमचं समदं शानपन गंगेचं," मामा म्हणाले. "गंगा येती ती वरनं येती. आवाज करीत येती, झाडं-लाकडं घिऊन येती. धरन खालच्या अंगाला हुतं, बाई. खालनं पानी उलटं चढत येतं हे आमच्या बापजाद्यात कुनी बघितलं न्हवतं. आमी समदे म्होरं गंगेकडं बघत बसलो, आन् पानी आलं मागनं, या वढ्यानं."

ओढा घराच्या मागं होता, पायरीपेक्षा खोलगट. गंगेचं पाणी पायरीवरच्या दगडापर्यंत चढायच्या आधी ओढ्यात शिरलं. वासरू ओढ्यापलीकडं बांधलेलं. दिवेलागणीची वेळ. धाकटी सहा-सात वर्षांची असेल. तिनं माझ्या आईला विचारलं, "आक्के, वासरू आनाया जाऊ का?" आईनं पायरीवर जाऊन दगड उलटा केला, खालून हात लावला आणि म्हणाली, "कोरडा हाय. जा."

"वढ्यात पानी हुतं," मामा म्हणाले, "पर हालत न्हवतं. वढ न्हाई, लाट न्हाई, आवाज न्हाई. थांबल्याल्या पान्याला आमच्यात कुनी भीत न्हाई. सकाळी त्याच वाटनं कोरड्या पायानं गेल्ती ती. एक लाट जरी असती ना, तरी पोर थांबली असती."

मामा त्या दिवशी घोडेगावच्या बाजारात बैल विकून परत येत होते. धाकटीला त्यांनीच पाण्यातून काढलं. "तुझ्या आयनं तिचा हात धरला तो रातभर सोडला न्हाई. गार पडल्याला हात. सोडवता सोडवंना."

"तिला कुणी बोललं का, मामा?"

"न्हाई ना. कुनी चकार सबुद काढला न्हाई. बापानं तो दगुड उचलून गंगंत फेकला आन् म्हनला, हितनं म्होरं पोरीचं नाव घ्यायाचं न्हाई. बोलाया पायजे हुतं. शिव्या दिल्या असत्या तरी बरं झालं असतं. तुझी आय वाट बघत व्हती की कुनीतरी बोलंल. आमी समदे मूग गिळून बसलो."

मी तिथं उन्हात उभी राहिले. रोज संध्याकाळी मी तिला काय सांगत होते? कोरडा आहे आई, खडखडीत. रोज दिवेलागणीला मी तिच्या तोंडचंच वाक्य तिला ऐकवत होते, आणि रोज ती मागचं दार उघडून बघत होती, की पोर गेली का.

परातीतला मणी मला आठवला. ओढ्यात लाट नव्हती, पण त्या संध्याकाळी काहीतरी हललं होतं. ते आजोबांतून, मामांतून, न बोललेल्या सगळ्या वर्षांतून पुढं पुढं जात माझ्या पायरीपर्यंत येऊन लागलं होतं. आणि आई तिथंच होती, ओढ्याच्या काठी, तेरा-चौदा वर्षांची. वर्गात प्रश्न विचारणाऱ्या त्या मुलीला आता उत्तर मिळालं असतं, पण ती समोर नव्हती.

आम्ही मुक्काम न करता परतलो. घरी पोचलो तेव्हा दिवे लागत होते. आई खुर्चीत बसली, पदरानं तोंड पुसलं आणि नेहमीसारखं विचारलं, "दगुड बघितलास का गं?"

मी बाहेर गेले. दगड उलटा केला. तापून राहिलेला, चटका बसेल असा. तो परत ठेवला आणि आत येऊन म्हणाले, "ओला आहे, आई. पाणी आलंय. चल."

तिनं मान वर केली. "खरं?"

"हात लावून आलेय."

त्यानंतर माझी आई जशी उठली, तशी बाबा गेल्यापासून मी तिला उठताना पाहिली नव्हती. "भाकरी बांध. गोधडी घे," ती म्हणाली आणि तरातरा मागच्या दाराशी गेली. कडी काढली. अंधाराकडं तोंड करून तिनं हाक मारली, "धाकले, ये गं माघारी. वासरू ऱ्हाऊ दे."

ती वळली, तिनं माझं मनगट पकडलं आणि मला ओढत जिन्यानं गच्चीवर नेलं. तिच्या पकडीत इतका जोर होता की माझ्या बांगडीचा वळ उठला. वर आल्यावर ती धापा टाकत गोधडीवर बसली. समोर मोबाईलच्या टॉवरचा लाल दिवा जळत होता, खाली कुणाच्या तरी घरी कुकरच्या शिट्ट्या होत होत्या.

"समदी आली का?"

"आली."

"ही?"

"ही पण आली. तू धरलंयस तिला."

आईनं माझा हात दोन्ही हातांत घेतला. बोटं चाचपली, तळवा चाचपला, मग तो गालाला लावला.

"ऊन हाय गं हात हिचा," ती म्हणाली. मग तिथंच, माझ्या मांडीवर डोकं ठेवून, ती झोपली.

तेव्हापासून आमचा दगड रोज ओला असतो. रोज आम्ही भाकरी बांधतो, गोधडी घेतो, धाकटीला मागच्या दारातून बोलावतो आणि गच्चीवर जातो. आईला झोप लागली की थोड्या वेळानं मी तिला हळूच उठवून खाली आणते. धाकटीचं नाव मला मामांनी सांगितलंय, पण अजून त्या नावानं हाक मारायचा धीर होत नाही. ती आली तर काय करायचं, असं वाटतं.

आता थंडी पडली आहे. नगरची थंडी कोरडी, बोटं बधिर करणारी. म्हणून संध्याकाळी दगड बघायला उठले की मी आधी स्वयंपाकघरात जाते, गॅस पेटवते आणि दोन्ही हात चांगले शेकून घेते. मग आईकडं जाते.