तेरावं रीळ

नाशिकच्या चित्रपटगृहांचा जिवंत इतिहास म्हणजे विष्णूकाका, असं आमच्या माहितीपट मालिकेच्या पहिल्याच बैठकीत एकमतानं ठरलं. रत्नमाला टॉकीजच्या ऑपरेटर केबिनमध्ये त्यांनी उभी हयात काढली होती. सिडकोतल्या त्यांच्या घरी गेल्यावर कळलं की या उभ्या हयातीत त्यांनी एकही चित्रपट पाहिला नव्हता.

यात नवल नव्हतं, ती कामाची पद्धत होती. केबिनमध्ये दोन मशीन. एकावरचं रीळ संपत आलं की पडद्याच्या वरच्या उजव्या कोपऱ्यात क्षणभर एक ठिपका चमकतो. तो दिसला की दुसरं मशीन चालू करायचं. लगेच दुसरा ठिपका येतो, तेव्हा चित्र या मशीनवरून त्या मशीनवर न्यायचं. ठिपका हुकला की पडदा पांढरा आणि खालून शिट्ट्या. त्यामुळे काकांची एक नजर मशीनमध्ये उजेडासाठी जळणाऱ्या कार्बनच्या कांड्यांवर आणि दुसरी त्या कोपऱ्यावर. "खाली कोण कुणाला मारतंय, त्याच्याशी आपल्याला काय करायचं? आपलं माणूस कोपऱ्यात येणार," असं ते म्हणत. चित्रपट त्यांना रिळांनी आठवत. "तो सोळा रिळांचा. नववं फाटकं होतं, लय छळलं त्यानं." मी विचारलं, "आणि गोष्ट काय होती?" काका म्हणाले, "गोष्ट खाली होती."

मालिका सात भागांची होती. दिग्दर्शक मंदार हा कॉलेज रोडवर राहणारा, खादीचा कुर्ता घालणारा आणि 'वारसा' हा शब्द उच्चारताना डोळे किंचित मिटून घेणारा तरुण. निवेदन मी लिहीत होतो. तिसरा भाग टॉकीजचा, आणि त्याचा कळस ठरलेला होता: रत्नमालेतला मेलेला नायक. ही गोष्ट जुन्या नाशिकमध्ये कुणालाही विचारा. एका हिंदी चित्रपटात नायक शेवटाकडे गोळी लागून मरतो. पण रत्नमालेत तो मेल्यावर पुन्हा उठला आणि मोटरसायकलवर नायिकेला बसवून गाणं म्हणत निघाला. प्रेक्षकांनी थेटर डोक्यावर घेतलं. वणीहून, सटाण्याहून लोक टेम्पो करून आले. लोकांना तो मृत्यू पटला नाही म्हणून टॉकीजनं शेवट बदलला, अशी आख्यायिका. मी तिच्यासाठी वाक्यही लिहून ठेवलं होतं, 'या शहराने मृत्यूला नकार दिला.' लिहिताना मला ते बरं वाटलं होतं, हे कबूल करतो.

चित्रीकरणाच्या दिवशी मंदारनं काकांना ते वाक्य वाचून दाखवलं आणि म्हणाला, "काका, या क्षणाबद्दल सांगा."

काका म्हणाले, "शहरानं कशाचा नकार दिला? मी द्राक्षं खात होतो."

मग त्यांनी सांगितलं ते असं. शुक्रवार, दुपारचा खेळ. केबिनमध्ये त्यांच्या जोडीला युसूफ होता, मालेगावचा, काकांच्याच वयाचा. रीळ उलटं गुंडाळून क्रमानं मांडायचं काम त्याचं. केबिनचा नेम असा की रीळ मशीनवर चढवण्याआधी ऑपरेटरनं "कितवं?" विचारायचं आणि जोडीदारानं पट्टीवरचा आकडा वाचून सांगायचा. रोजचं असलं तरी विचारायचं. शुक्रवारी मात्र युसूफ नमाजाला जाई आणि तेवढा वेळ काका एकटे सांभाळत. टॉकीजच्या मालकाला, शेठला, ते चालत नसे, म्हणून शेठला ते माहीत नव्हतं. त्या दिवशी मखमलाबादहून काकांच्या भावानं मळ्यातल्या द्राक्षांची पाटी पाठवली होती. काका एका हातानं द्राक्षं खात होते. विचारायला कोणी नव्हतं, म्हणून त्यांनी विचारलं नाही, आणि अकराव्यानंतर शेवटचं, तेरावं चढवलं. नायक मेला तेव्हा मांडणीवर बारावं तसंच दिसलं. "थांबवलं असतं तर खुर्च्या मोडल्या असत्या. लावलं बारावं. उठला गडी."

खेळ संपल्यावर शेठ जिना चढून वर आला. "रीळ कोणी चढवलं?" युसूफ नुकताच परत आला होता. आपण जागेवर नव्हतो हे कळलं तर काकांनी झाकून घेतलं हेही कळणार, म्हणून तो म्हणाला, "मैंने." काका गप्प राहिले. युसूफला तिथल्या तिथे घरी पाठवलं. दुसऱ्या दिवशी खिडकीवर "कालच्यासारखा लावा" म्हणत झुंबड उडाली, तेव्हा शेठनं प्रिंट परत जाईपर्यंत सगळे खेळ त्याच क्रमानं लावायला लावले. चूक कामावर राहिली, माणूस गेला.

"हे पिक्चरमध्ये घाला," काका म्हणाले. "चाळीस वर्षं झाली. त्याच्या नावावर हाय ते. माझ्या नावावर करा."

मंदार अस्वस्थ झाला. "काका, ही आख्यायिका म्हणजे शहराची सामूहिक स्मृती आहे. तिला आपण हात लावायला नको."

"मग मशीनलाबी लावू नका," काका म्हणाले. रत्नमाला पाडली तेव्हा एक मशीन त्यांनी घरी आणलं होतं. ते समोरच्या खोलीत चादरीखाली उभं होतं आणि मंदारला त्याच्याशिवाय तिसरा भाग करता येत नव्हता. काकू आतून म्हणाल्या, "एवढी वर्षं माझ्या कपाटाची जागा खाल्ली. एकदाचा उपयोग झाला." त्यांनी चहा दिला. दुसऱ्या कपाला मंदारनं मान्य केलं.

युसूफभाईंना फोन करायची काकांची हिंमत होईना. तो मी केला. ते म्हणाले, "विष्णू जिंदा आहे? येतो."

तिसऱ्या भागाच्या पहिल्या खेळाला दीपप्रज्वलन झालं, तीन भाषणं झाली, एका वक्त्यानं दादासाहेबांच्या भूमीत आपण बसलो असल्याची आठवण दिली. युसूफभाई मालेगावहून बसनं आले ते थेट काकांच्या शेजारी येऊन बसले.  अंधार झाला, भाग सुरू झाला, आणि मी पाहिलं, तर काका वरच्या उजव्या कोपऱ्यात बघत होते. पडद्यावर त्यांचाच चेहरा आला, ते सांगू लागले, की रीळ मी चढवलं, युसूफ तिथं नव्हता, आणि खुर्चीतले काका कोपऱ्यात ठिपक्याची वाट बघत होते. शेवटी युसूफभाईंनी त्यांची हनुवटी धरली आणि तोंड मधोमध वळवलं. "इधर देख. तू आहेस."

बाहेर चिवडा-चहा होता. काका म्हणाले, "युसूफ, तेव्हा मी बोलायला पाहिजे होतं."

"हो, पाहिजे होतं," युसूफभाई म्हणाले. त्यांनी चिवडा खाल्ला. "पावरलूमवर कामाला गेलो, ते ठीक झालं. दर जुम्म्याला सुट्टी. तिकीट काढून पिक्चर बघायला लागलो. तुझ्याबरोबर राहिलो असतो तर एक नसता बघितला. तो मरणाऱ्या हीरोवाला पण बघितला मालेगावात, बराबर क्रमाने. बोअर आहे." मग म्हणाले, "पण मालेगाव काय दुबई आहे का रे? दोन तासांची बस."

 काकांनी आपल्या कागदी प्लेटमधला चिवडा त्यांच्या प्लेटमध्ये ओतला. त्यानंतर महिन्यातून एका शुक्रवारी काका बसनं मालेगावला जातात आणि नमाज झाला की दोघं दुपारच्या खेळाला बसतात. आत जाण्याआधी युसूफभाई विचारतात, "कितवं?" काका आपल्या आयुष्यातला हा कितवा पिक्चर, तो आकडा सांगतात. मागच्या वेळी सात होता. पिक्चर कसा होता, असं मी विचारलं तर म्हणाले, "दोन रिळं कमी चालली असती."

मालिकेत काकांची कबुली आहे, तशी माझं वाक्यही आहे. ते आधी येतं. कबुली सांगताना काकांच्या चेहऱ्याखाली, सगळ्यांना दिसेल अशी, नावाची पट्टी आहे. तिच्यावर लिहिलंय: विष्णूकाका, ज्येष्ठ सिनेरसिक.